चिलखताचे वजन आणि निसटण्याची चपळाई: व्हिडिओ गेममधील एक दुर्लक्षित हिशेब

तलवार, ढाल आणि चिलखत घेऊन अवाढव्य राक्षसांशी झुंजण्याचे व्हिडिओ गेम आज भारतातही मोठ्या संख्येने खेळले जातात. या खेळांत नव्याने उतरणाऱ्या खेळाडूच्या हातून एक चूक हमखास घडते. वाटेत सापडलेले सर्वांत जाड चिलखत तो आपल्या पात्राच्या अंगावर चढवतो. चिलखत जितके भारी तितका बचाव अधिक, असा त्याचा साधा तर्क असतो. प्रत्यक्षात पुढच्याच लढाईत त्याचे पात्र शत्रूचा घाव चुकवण्याऐवजी धपकन जमिनीवर आदळते, उठायला वेळ घेते आणि तेवढ्यात दुसरा घाव बसून मरते. असे दहा-वीस वेळा झाले की आपली बोटेच मंद आहेत, असा समज करून घेऊन खेळाडू खेळ सोडून देतो.

अनेकदा दोष बोटांचा नसतो. पात्राच्या अंगावरील साहित्याचे वजन एका ठराविक मर्यादेपलीकडे गेलेले असते आणि त्यामुळे निसटण्याची हालचालच बदललेली असते. अ‍ॅक्शन रोल-प्लेइंग या नावाने ओळखल्या जाणाऱ्या खेळांतील वजनाचा हा नियम कसा चालतो आणि खेळाडूने त्याचा हिशेब कसा ठेवावा, हे 'एल्डन रिंग' या खेळाच्या उदाहरणावरून समजून घेता येते.

खेळ आणि त्याची परंपरा

'एल्डन रिंग' हा खेळ जपानच्या फ्रॉमसॉफ्टवेअर या कंपनीने तयार केला असून तो २५ फेब्रुवारी २०२२ रोजी जगभर प्रसिद्ध झाला. हिदेताका मियाझाकी हे त्याचे प्रमुख दिग्दर्शक आहेत. या खेळाच्या अडीच कोटींहून अधिक प्रती विकल्या गेल्याचे जून २०२४ मध्ये जाहीर करण्यात आले. याच कंपनीच्या 'डेमन्स सोल्स' (२००९) आणि 'डार्क सोल्स' (२०११) या खेळांतून ही परंपरा सुरू झाली.

साहित्याच्या वजनाची कल्पना मात्र त्याहून जुनी आहे. १९७४ साली अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या 'डंजन्स अँड ड्रॅगन्स' या कागद-पेन्सिल आणि फाशांच्या खेळातही पात्राने वाहिलेले ओझे मोजले जात असे, आणि त्यासाठी सोन्याच्या नाण्यांचे वजन हे एकक वापरले जाई. पुढे संगणकावरील अनेक खेळांनी ही कल्पना उचलली. 'मॉरोविंड' या २००२ च्या खेळात पिशवीतील सामान मर्यादेबाहेर गेले की पात्र जागचे हलतच नाही. तेथे प्रश्न असतो तो लूट किती वाहून न्यायची, हा.

'डार्क सोल्स' आणि 'एल्डन रिंग' या खेळांनी हा नियम पिशवीवरून काढून अंगावर आणला. पिशवीत शंभर तलवारी असल्या तरी त्यांचे वजन धरले जात नाही. पात्राने परिधान केलेल्या आणि हाताशी सज्ज ठेवलेल्या वस्तूंचेच वजन मोजले जाते. त्यामुळे वजनाचा संबंध लुटीऐवजी थेट लढाईशी जोडला गेला.

चार टप्प्यांची विभागणी

'एल्डन रिंग'मध्ये प्रत्येक शस्त्राला, ढालीला, चिलखताच्या प्रत्येक भागाला आणि ताविजाला वजन आहे. पात्र एकूण किती वजन पेलू शकते, हे त्याच्या 'एन्ड्युरन्स' म्हणजेच सहनशक्ती या गुणावर अवलंबून असते. अंगावरचे वजन पेलण्याच्या कमाल क्षमतेच्या किती टक्के आहे, यावरून चार टप्पे ठरतात.

वजन ३० टक्क्यांच्या आत असेल तर पात्र हलके समजले जाते. ३० टक्क्यांपासून ७० टक्क्यांच्या आतपर्यंत ते मध्यम, तर ७० टक्क्यांपासून पुढे जड मानले जाते. कमाल क्षमतेपेक्षा अधिक वजन चढवले तर पात्राला लोळण घेऊन घाव चुकवता येत नाही आणि धावताही येत नाही. साहित्य निवडण्याच्या पडद्यावर 'इक्विप लोड' या शीर्षकाखाली दोन आकडे दिसतात: पहिला अंगावरच्या वजनाचा, दुसरा क्षमतेचा. त्यांच्याजवळच सध्याचा टप्पाही लिहिलेला असतो. नवीन खेळाडूचे लक्ष शस्त्राच्या मारकशक्तीकडे लागलेले असल्यामुळे ही छोटीशी नोंद बहुधा नजरेतून सुटते.

येथे ध्यानात घेण्याची गोष्ट अशी की निसटण्याची हालचाल वजनागणिक थोडी-थोडी मंद होत नाही. ३१ टक्के वजन असलेले पात्र आणि ६९ टक्के वजन असलेले पात्र अगदी सारखीच लोळण घेतात. मात्र ६९ वरून ७० वर जाताच हालचाल एकदम बदलते. म्हणजेच वजनाचा हिशेब वजनकाट्यासारखा नसून पायऱ्यांसारखा आहे. पायरीच्या काठापर्यंत वजन वाढवण्यास काहीच दंड नाही. काठ ओलांडला की संपूर्ण दंड एकदम पडतो.

लोळण नेमके काय करते?

वजनाचा एवढा परिणाम का होतो, हे कळण्यासाठी लोळण घेण्याच्या क्रियेची रचना पाहावी लागते. चलत्‌चित्राप्रमाणेच व्हिडिओ गेमचे दृश्यही दर सेकंदाला अनेक स्थिर चित्रांचे, म्हणजेच फ्रेमचे, बनलेले असते. लोळण घेण्याच्या आरंभीच्या काही फ्रेममध्ये पात्र अभेद्य असते. त्या क्षणी शत्रूची तलवार पात्राच्या अंगातून आरपार गेलेली दिसली तरी इजा होत नाही. त्यानंतरच्या फ्रेममध्ये पात्र सावरत असते. या काळात त्याला घाव बसू शकतो आणि खेळाडूला दुसरी कोणतीही कृती करता येत नाही.

खेळाडूंनी फ्रेम मोजून केलेल्या नोंदींनुसार, सेकंदाला ३० फ्रेम धरल्यास 'एल्डन रिंग'मधील मध्यम टप्प्यातील लोळणीत सुमारे १३ फ्रेम अभेद्य असतात. हा काळ अर्ध्या सेकंदाहूनही थोडा कमी भरतो. हलक्या टप्प्यात पात्र अधिक दूर जाते आणि लवकर सावरते. जड टप्प्यात मात्र ते थोडक्याच अंतरावर आपटते आणि सावरण्यास बराच वेळ घेते.

यावरून एक महत्त्वाचा निष्कर्ष निघतो. जड लोळणीचा मुख्य तोटा पहिला घाव चुकवताना होत नाही, तो दुसऱ्या घावाच्या वेळी होतो. वेळ अचूक साधली तर जड पात्रही एखादा फटका चुकवू शकते. परंतु ते उठून उभे राहण्यापूर्वीच शत्रूचा पुढचा फटका येऊन पोहोचतो. 'एल्डन रिंग'मधील अनेक प्रमुख शत्रू एकापाठोपाठ एक तीन-चार फटके मारतात. खेळाच्या आरंभीच स्टॉर्मव्हेल किल्ल्याच्या वाटेवर भेटणारा मार्गिट हा शत्रू तर हात उगारून क्षणभर थांबतो आणि मग प्रहार करतो. घाईने लोळण घेतलेला खेळाडू सावरत असतानाच त्याच्या तावडीत सापडतो. अशा वेळी सावरण्याचा काळ कमी असणे हेच खरे संरक्षण ठरते.

हिशेबाचे एक उदाहरण

सहनशक्ती ८ असताना पात्राची क्षमता ४५ एकके असते. सहनशक्ती २५ झाली की ती ७२ होते, ६० झाली की १२०, आणि ९९ या कमाल पातळीवर १६०. म्हणजे २५ पर्यंत प्रत्येक पातळीमागे सरासरी १.६ एकके, त्यानंतर ६० पर्यंत सरासरी १.४ एकके, आणि त्यापुढे जेमतेम १ एकक क्षमता वाढते. सुरुवातीच्या गुंतवणुकीला मिळणारा परतावा पुढे घटत जातो.

सहनशक्ती २५ आणि क्षमता ७२ असलेले पात्र घेऊ. मध्यम टप्प्यात राहण्यासाठी त्याचे वजन ७२ च्या ७० टक्क्यांपेक्षा, म्हणजे ५०.४ एककांपेक्षा कमी असले पाहिजे. त्याने 'ग्रेटसोर्ड' ही २३ एकके वजनाची महातलवार आणि ७ एकके वजनाची 'ब्रास शील्ड' ही पितळी ढाल घेतली, तर ३० एकके तेथेच खर्च झाली. चिलखत आणि ताविजांसाठी साधारण २० एकके उरतात. त्याऐवजी त्याने ५.५ एकके वजनाची 'उचिगाताना' ही जपानी धाटणीची तलवार आणि तीच ढाल घेतली, तर चिलखतासाठी जवळजवळ ३८ एकके शिल्लक राहतात. शस्त्राची निवड ही अशा रीतीने आपोआपच चिलखताचीही निवड ठरते.

आता एक नेहमीची चूक पाहू. या खेळात प्रत्येक हातासाठी तीन शस्त्रे सज्ज ठेवण्याची सोय आहे. महातलवारवाल्या खेळाडूने 'असू द्यावी हाताशी' म्हणून ९ एकके वजनाची 'क्लेमोर' तलवार दुसऱ्या जागी लावून ठेवली आणि ती कधी उपसलीच नाही, तरी तिचे वजन मोजले जाते. त्याच्या चिलखताच्या वाट्यातील २० पैकी ९ एकके, म्हणजे निम्म्याच्या आसपास, या न वापरलेल्या तलवारीने खाल्लेली असतात. पात्र एकाएकी जड झाल्यासारखे वाटले तर सर्वप्रथम ही जागा तपासणे इष्ट.

ताविजांची मदत

क्षमता वाढवण्याचा दुसरा मार्ग ताविजांचा आहे. 'आर्सेनल चार्म' हे तावीज कमाल क्षमता १५ टक्क्यांनी वाढवते. 'ग्रेट-जार्स आर्सेनल' हे त्याच जातीचे सर्वांत प्रभावी तावीज १९ टक्के वाढ देते. एकाच जातीची दोन ताविजे एका वेळी वापरता येत नाहीत. 'अर्डट्रीज फेव्हर' हे वेगळ्या जातीचे तावीज असून ते प्राण, दम आणि वजनक्षमता या तिन्हींत थोडी-थोडी भर घालते. वजनक्षमतेतील त्याची मूळ वाढ ५ टक्के आहे.

वरच्या उदाहरणातील ७२ एककांच्या क्षमतेत १९ टक्के भर पडली की ती ८५.६ च्या पुढे जाते आणि मध्यम टप्प्याची मर्यादा ५०.४ वरून जवळजवळ ६० वर पोहोचते. ताविजाचे स्वतःचे थोडे वजन वजा केले तरी ही भर मोठीच आहे. एवढीच वाढ केवळ सहनशक्तीतून मिळवायची झाल्यास दहाहून अधिक पातळ्या खर्च कराव्या लागतील. मात्र ताविजांच्या जागा चारच असतात. त्यांतील एक वजनासाठी दिली की मारकशक्ती किंवा दम वाढवणारे एखादे तावीज बाहेर राहते. या खेळात फुकट असे काहीच मिळत नाही.

मग जड चिलखत हवे कशाला?

एवढे सगळे असताना जड चिलखत खेळात ठेवलेच का, असा प्रश्न पडणे स्वाभाविक आहे. त्याची दोन उत्तरे आहेत. पहिले उत्तर अर्थातच इजा कमी होण्याचे. चिलखताचा प्रत्येक भाग इजेचा काही हिस्सा कमी करतो. त्यात छातीच्या चिलखताचा वाटा सर्वांत मोठा असल्यामुळे वजनाची चणचण असेल तेव्हा छातीचा भाग आधी निवडून शिरस्त्राण, हातमोजे आणि पायांचे भाग उरलेल्या वजनात बसवणे फायद्याचे पडते.

दुसरे उत्तर 'पॉइज' या गुणाचे आहे. त्याला मराठीत तोल म्हणता येईल. तोल कमी असलेले पात्र साध्या फटक्यानेही डळमळते आणि त्याचा उगारलेला वार अर्ध्यावर तुटतो. तोल पुरेसा असेल तर फटका सोसूनही ते आपला वार पूर्ण करते. खेळाडूंच्या चर्चेत ५१ हा आकडा वारंवार येतो, कारण तेवढा तोल असल्यास अनेक शत्रूंच्या एखाद्या फटक्याने पात्र डगमगत नाही. महातलवारीसारखी संथ शस्त्रे वापरणाऱ्यांना हा गुण मोलाचा वाटतो.

शिवाय लोळण घेणे हा बचावाचा एकमेव मार्ग नाही. २९ एकके वजनाची 'फिंगरप्रिंट स्टोन शील्ड' ही शिळेची ढाल घेऊन, तिच्या आडून भाल्याने टोचत लढणाऱ्या पात्राला लोळण क्वचितच लागते. ढालीवर वार झेलून लगेच प्रतिवार करण्याची 'गार्ड काउंटर' ही सोयही 'एल्डन रिंग'मध्ये आहे. फ्रेमच्या हिशेबाने बोटे चालवणे ज्यांना जमत नाही अशा खेळाडूंसाठी हा मार्ग विशेष उपयुक्त आहे. अशा पात्राने जड टप्प्यात राहणे ही चूक म्हणता येत नाही. लोळणीवर विसंबून लढायचे आणि वजन मात्र जड टप्प्याचे ठेवायचे, ही विसंगती तेवढी टाळली पाहिजे.

नियम बदलत गेला

हे टप्पे सर्व खेळांत सारखे नाहीत. २००९ च्या मूळ 'डेमन्स सोल्स'मध्ये निम्म्या क्षमतेची एकच रेषा महत्त्वाची होती आणि पिशवीतील सामानाचे वजन वेगळे मोजले जाई. 'डार्क सोल्स'मध्ये २५ आणि ५० टक्के अशा दोन रेषा आल्या. तेथे 'हॅवेल्स रिंग' ही अंगठी क्षमता तब्बल ५० टक्क्यांनी वाढवत असल्याने तिला मोठी मागणी होती. २०१४ च्या 'डार्क सोल्स २' मध्ये जड लोळणीची रेषा ७० टक्क्यांवर गेली. मात्र त्या रेषेच्या अलीकडेही वजनागणिक लोळणीचे अंतर कमी होत असे. अभेद्य फ्रेमची संख्या तर तेथे वजनावरून न ठरता एका वेगळ्या गुणावरून ठरत असे. २०१६ च्या 'डार्क सोल्स ३' मध्ये ३० आणि ७० टक्क्यांच्या रेषा आल्या, आणि पुढे 'एल्डन रिंग'ने त्याच कायम ठेवल्या.

याच कंपनीच्या 'ब्लडबोर्न' (२०१५) आणि 'सेकिरो' (२०१९) या खेळांत साहित्याच्या वजनाचा नियमच नाही. तेथे सर्व खेळाडू सारख्याच चपळाईने लढतात. म्हणूनच एका खेळात शिकलेला आकडा दुसऱ्या खेळात जसाच्या तसा लावणे धोक्याचे असते.

खऱ्या चिलखताचे काय?

खेळातील हा नियम वास्तवाशी कितपत जुळतो, याचेही उत्तर उपलब्ध आहे. इंग्लंडमधील लीड्स विद्यापीठाचे ग्रॅहम अ‍ॅस्क्यू आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०११ मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध केला. मध्ययुगीन चिलखतांच्या प्रतिकृती घातलेल्या स्वयंसेवकांना त्यांनी सरकत्या पट्ट्यावर चालायला आणि पळायला लावले. चिलखतासह चालताना त्यांच्या शरीराला एरवीच्या दुपटीहून थोडी अधिक, तर पळताना दुपटीच्या जवळपास ऊर्जा खर्च करावी लागल्याचे आढळले.

पायांवरील पोलादामुळे हा खर्च विशेष वाढत होता, कारण प्रत्येक पावलागणिक ते वजन उचलून पुढे न्यावे लागते. छातीवरील कवचामुळे श्वासही उथळ होत होता. खेळात मात्र पायांवरचे वजन आणि छातीवरचे वजन एकाच मापाने मोजले जाते. वास्तवात वजनाचा भार दमावर हळूहळू चढत जातो, तर खेळात तो ठराविक रेषेवर एकदम जाणवतो. खेळाच्या रचनाकारांनी ही तडजोड केली असली तरी त्यामुळे एक सोय झाली आहे. खेळाडूला आपला निर्णय आकड्यांत पाहता येतो आणि तो बदलताही येतो.

निर्णय खेळाडूचाच

'एल्डन रिंग'मध्ये सोपे, मध्यम, अवघड अशी काठिण्यपातळी निवडण्याची सोय नाही. पण पात्र हलके ठेवायचे की जड, लोळण घ्यायची की ढाल धरायची, हे ठरवताना खेळाडू एका अर्थाने आपली काठिण्यपातळी स्वतःच ठरवत असतो. ज्याची नजर तेज आणि बोटे चपळ आहेत, त्याला हलके पात्र मोकळीक देते. ज्याला चुकांची मुभा हवी आहे, त्याला चिलखत आणि ढाल ती मुभा देतात. दोघांसाठी खेळ एकच असतो.

नवीन खेळाडूसाठी जाणकारांचा सर्वसाधारण सल्ला असा: आधी शस्त्र ठरवावे, न वापरलेली शस्त्रे सज्ज जागांतून काढून टाकावीत, छातीचे चिलखत निवडावे आणि उरलेले भाग ७० टक्क्यांच्या काठाच्या आत बसवावेत. नवी वस्तू अंगावर चढवल्यानंतर प्रत्येक वेळी इक्विप लोडची नोंद पाहण्याची सवय लावावी. गुणांची वाटणी चुकली असे पुढे वाटलेच, तर राया लुकारिया अकादमीतील रेनाला हिचा पराभव केल्यानंतर 'लार्व्हल टिअर' ही वस्तू खर्च करून ती नव्याने करता येते. त्यामुळे पहिल्या दहा-वीस मृत्यूंनंतर खेळ सोडण्यापूर्वी खेळाडूने एकदा तरी पात्राच्या अंगावरचे ओझे तपासून पाहणे श्रेयस्कर ठरेल.